पत्त्याची रिकामी ओळ

मला उलटं वाचता येतं. यात जादू काही नाही. शिशाच्या खिळ्यांवर अक्षर उलटं असतं, म्हणून कागदावर ते सुलटं उमटतं, आणि पेणच्या आमच्या छापखान्यात मी एकोणतीस वर्षं खिळे जुळवले. दिवाळी अंकासाठी छापखान्याच्या आठवणी लिहा, असा संपादकांचा फोन आला तेव्हा मी त्यांना हेच सांगितलं, की जन्मभर दुसऱ्यांचं उलटीकडून वाचत आले, आता माझं मला सुलटं लिहिता येईल की नाही कोण जाणे. ते हसले आणि किती शब्द हवेत ते सांगून मोकळे झाले.

लग्न होऊन आले त्या पहिल्याच महिन्यात सासऱ्यांनी मला केससमोर उभं केलं. केस म्हणजे लाकडी खणाखणांचा मोठा ट्रे. एका खणात क, एका खणात काना, एका खणात अनुस्वार. चिमटीने एकेक खिळा उचलायचा, ओळ भरायची, ओळींचं पान करायचं, पान चौकटीत घट्ट आवळायचं. पुढचं काम आमच्या ह्यांचं. पाय मारून ट्रेडलचं छपाईयंत्र चालवायचं आणि एकेक कागद हाताने आत सरकवायचा. छापून झालं की आवळलेलं पान सोडायचं आणि प्रत्येक खिळा परत आपापल्या खणात. लोकांना जुळवणं दिसतं, हे सोडवणं कुणाला दिसत नाही. निम्मा जन्म माझा सोडवण्यात गेला.

कामं म्हणजे पावती पुस्तकं, पतपेढीचे अहवाल, वार्षिक सत्यनारायणाची निमंत्रणं. पण घर चाललं ते लग्नपत्रिकांवर. आमच्या भागातली पत्रिका म्हणजे वधूवरांची नावं आणि मुहूर्त असं सुटसुटीत काम नव्हे. खाली सगळी भावकी यायची. आजोबा, काका, मामा, आत्याचे यजमान, चुलत्यांची मुलं-सुना. एका पत्रिकेत चाळीस-चाळीस 'श्री.' लागायचे. लग्नसराईत माझ्या केसमधले 'श्री' संपायचे आणि मग आधीची पत्रिका सोडवून तिच्यातले पुढच्या पत्रिकेतल्या माणसांना द्यावे लागायचे. घाईत एकदा एका धडधाकट काकांना 'श्री.'ऐवजी 'कै.' लागला. ते स्वतः पत्रिका घेऊन दारात आले आणि म्हणाले, "वैनी, मी कवा मेलो त्ये तरी कलवायचं." ह्यांनी त्यांना चहा पाजला आणि मी दिवसभर बसून पत्रिकांवर चिठ्ठ्या डकवल्या.

त्या नावांचा एक नियम होता, कुठे लिहिलेला नाही पण लहान पोरालाही ठाऊक. पाहुण्याच्या नावापुढे कंसात त्याचं गाव येतं, घरच्याच्या नावापुढे येत नाही. धरमतरकडच्या एका घरचा धाकटा भाऊ मुंबईला गोदीत नोकरीला होता. पत्रिकेत त्याच्या नावापुढे मी शहाणपणाने '(मुंबई)' जुळवलं. मला वाटलं, तेवढाच मान. तो भाऊ तडक पेणला आला. "बारा वर्सं झाली जाऊन, पन मी काय पावना झालो काय?" असं म्हणताना त्याचे ओठ थरथरत होते. पत्रिका बदलल्याशिवाय तो हळदीला येणार नव्हता. आम्ही पत्रिका बदलल्या. एका कंसाने माणूस घराबाहेर जातो, हे तेव्हापासून मी विसरले नाही.

हे सगळं सांगायचं कारण रामअवध.

तो धाटावच्या एका केमिकल कंपनीत शिफ्टला होता, राहायचा रोह्याला चाळीत. मूळ गाव पार तिकडे, बिहारला लागून. एका सुट्टीच्या दिवशी पॅसेंजरने पेणला आला आणि प्लास्टिकच्या पिशवीतून वही काढून माझ्यासमोर ठेवली. "वहिनी, पोएट्री की किताब छापायची आहे." रोह्यात छापखाने नव्हते का, असं मी विचारलं. होते, पण तिथे कंपनीतले लोक येतात-जातात, त्यांना कळायला नको होतं. चोरून दारू पिणारे बघितले होते, चोरून कविता छापणारा पहिलाच.

वहीवर नावाखाली टोपणनाव होतं, 'परदेसी'. मी म्हटलं, "परदेशी कसला रे? रोह्याहून आलास, मधे तीन स्टेशनं." तो लाजला, पण नाव काही काढलं नाही. कवी दिसायला मऊ असतात, नावाच्या बाबतीत फार हट्टी.

वहीत तीन भाषा होत्या. हिंदी, भोजपुरी आणि मराठी. आम्हाला त्याचं काही नव्हतं, अक्षर तेच, माझ्या केसमध्ये क एकच होता. फरक एवढाच, की हिंदी कविता आली की ह कमी पडायचा आणि भोजपुरी आली की ल. चार पानं जुळवायची, छापायची, सोडवायची, मग पुढची चार. त्यामुळे पुस्तक महिनोन् महिने चाललं आणि कवीची न् माझी ओळख वाढली.

एकदा मी त्याला विचारलं, कुठली कविता कुठल्या भाषेत हे तू ठरवतोस कसं? त्याने फार प्रामाणिक उत्तर दिलं. इथल्या लोकांना कळू नये असं जे असतं, ते तो भोजपुरीत लिहायचा. सुपरवायझर 'ए भय्या' म्हणून हाक मारतो तेव्हा काय वाटतं, ते. घरच्यांना कळू नये असं जे असतं, ते मराठीत. इथे आता बरं वाटतं, परत जावंसं वाटत नाही, ते. "आणि हिंदीत?" मी म्हटलं. "हिंदी में वो, जो सबको बोल सकते हैं." म्हणूनच त्याच्या हिंदी कविता सगळ्यांत पुचाट होत्या. देशप्रेम, चंद्र, एकता. मी तसं तोंडावर सांगितलं, आणि तो वाईट वाटून न घेता म्हणाला, "हां वहिनी, मालूम आहे."

मराठी कवितांतली एक कासूची होती. नोकरीसाठी पहिल्यांदा आला तेव्हा पॅसेंजर कासूला थांबली, हा पाणी प्यायला उतरला आणि गाडी निघून गेली. पुढच्या गाडीला वेळ होता, खिशात रोह्याच्या पत्त्याची चिठ्ठी, आणि दोन दिवस पोटात काही नव्हतं. ती कविता मी उलटीकडून इतक्या वेळा वाचली, की अजून पाठ आहे.

*कासूच्या फलाटावर सांजेला*
*एक बाई म्हणाली, जेवलास का रे?*
*नाव नाही, गाव नाही, जात नाही, काही नाही विचारलं.*
*मी कंठी खिशात ठेवली*
*आणि सुकट-भाकर खाल्ली.*
*बाबूजी, चव सांगू?*
*नाही सांगत.*

कंठी म्हणजे तुळशीच्या मण्यांची माळ. त्यांचं घर माळकऱ्यांचं, मासळी दारातूनसुद्धा जायची नाही. वडील रोज पोथी वाचणारे. त्या संध्याकाळपासून कंठी याच्या खिशातच होती. ती परत गळ्यात घालायला मन धजत नव्हतं आणि टाकून द्यायलाही.

मी म्हटलं, "अरे, बापापासून लपवायचं म्हणून मराठीत लिहितोस आणि हाक त्यालाच मारतोस? तो पोथी वाचतो ना? अक्षर हेच आहे. कळो न कळो, बाबूजी तर वाचेलच की."

याचा त्याने विचारच केलेला नव्हता. चेहरा एवढासा झाला. पण कविता काढू का म्हटलं तर नाही म्हणाला.

आमचं घोडं अडलं ते भलतीकडे. पुस्तकाच्या पहिल्या पानावर कवीचं नाव, त्याखाली पत्ता. पत्त्यापुरती एक ओळ मी मोकळी ठेवली होती. पहिल्या प्रुफावर त्याने गावाचा पत्ता लिहिला. दुसऱ्यावर तो खोडून रोह्याचा. तिसऱ्यावर दोन्ही खोडले. गावाचा छापला तर वडील म्हणणार, मग ये परत, घर पडतंय, शेत पडीक आहे. रोह्याचा छापला तर त्यांना कळणार, पोरगा गेला तो गेला. आणि रोह्याचा छापायला तरी रोह्याने त्याला कुठे आपलं म्हटलं होतं? "वहिनी, पत्ता अभी रहने दो," असं तो दर खेपेला म्हणायचा. तुळशीचं लग्न लागलं, सराई सुरू झाली, श्री संपायला लागले आणि हे चार पानांचं अडलेलं बाळंतपण माझ्या टेबलावर. मी चिडून म्हणायचे, "लोकांना दोन घरं असतात तर मिरवतात, तू एक ओळ भरेनास."

आणि त्याच दिवसांत मी एक चूक केली.

ट्रेडलवर पहिले पंधरा-वीस कागद खराबच निघतात. कुठे शाई जास्त, कुठे दाब कमी. ते कागद आम्ही टाकत नसू, लग्नपत्रिकांच्या शेकड्यांना गुंडाळायला वापरायचो. सगळेच छापखाने तसं करायचे. पतपेढीच्या ताळेबंदात गुंडाळून पत्रिका जायच्या, कुणी बघायचंही नाही. त्या आठवड्यात हाताशी होते ते कासूच्या कवितेचे कागद. सवयीच्या हातांनी मी ते गुंडाळले आणि गठ्ठे गावोगाव गेले.

चार दिवसांनी पारूबाई आली. कासूजवळच्या वाडीतली, भातशेतीवाली, मुलाच्या लग्नाच्या पत्रिका आमच्याकडेच छापलेल्या. मला वाटलं, पुन्हा कुणाला 'कै.' लागला. तिने कमरेच्या पिशवीतून चुरगळलेला कागद काढून टेबलावर सारखा केला.

"वैनी, ह्यो कोन मानूस हाय? पोरीनं वाचून दाखवला. ती भाकर मी दिलेली."

"तू?"

"मीच गो. लक्कन आठवला. हातात पिवली ट्रंक व्हती त्याच्या."

मी हो-हो करून तिला वाटेला लावलं. दोन दिवसांनी मिठागरावर काम करणारी एक बाई आली, तीही तोच कागद घेऊन. ती भाकर तिने दिलेली. सुक्या मासळीची पाटी घेऊन ती तेव्हा गाडीने जायची म्हणे. शनिवारी नागोठण्याकडची तिसरी. प्रत्येकीला सांज आठवत होती, सुकट आठवत होती. आठवणारच, कवितेत लिहिलेलंच होतं. आमचे हे म्हणाले, "अजून चार गठ्ठे गेलेत, आणखी चार येतील." मला हसू आलं, पण ते टिकलं नाही. कारण आता रामअवधला सांगायचं होतं.

सांगितलं. तो म्हणाला, "वहिनी, तो रद्दी नव्हता." एवढंच. ओरडला असता तर बरं झालं असतं. वर्षानुवर्षं ज्या कागदांना मी रद्दी म्हणत आले त्यांवर कुणाचं काय असेल, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं, आणि त्याची लाज मला आजही वाटते. मी त्याची माफी मागितली. कवीची माफी मागायची सवय नसल्यामुळे जरा रागातच मागितली.

मग तो म्हणाला, "ट्रंक नव्हता. बोरा था. गोणपाट."

"म्हणजे पारूबाई ती नव्हे."

"मालूम नाही. मी भाकरीकडे बघत होतो, तोंड नाही बघितलं."

पुढच्या सुट्टीला तो तिघींकडे गेला. तिघींनाही त्याने एकच सांगितलं, हो, तुम्हीच. मी म्हटलं, "खोटारड्या, एका भाकरीच्या तीन आया केल्यास?" तर म्हणाला, "वहिनी, तिघींनी जेवायला वाढलं." तेव्हापासून त्याचा रविवार कासूला जायला लागला. पारूबाईच्या मुलाच्या लग्नात त्याने मांडवाचे बांबू वाहिले, पंगतीत भात वाढला, हळदीत इतका रंगला की शिफ्टला पिवळा गेला. कंपनीत सगळ्यांना सगळं कळलं. चोरून छापायचं राहिलंच बाजूला.

पत्त्याची ओळ मात्र तशीच रिकामी.

वैशाखाच्या तोंडाशी पारूबाई पुन्हा आली. आता मुलीचं लग्न. मी कागद-पेन्सिल घेऊन नावं उतरवायला बसले. आजोबा झाले, काका झाले. मामा आले. तीन नावं सांगून ती म्हणाली, "आन् रामअवध."

मी पेन्सिल खाली ठेवली. "पारूबाई, एक विचारू? त्याच्या हातात ट्रंक नव्हती."

ती जराही गडबडली नाही. "नसंल. मी कवा फलाटावर गेलेच नाय, मना कसा ठावं?"

"मग तेव्हा खोटं का बोललीस?"

"पोरीनं वाचला न् मना बसवला नाय. एवढा लांबशी पोर आला, आन् कोन बाई व्हती ती त्याला ठावं नाय. जल्मभर दिसंल त्या बाईकडं बघत ऱ्हाईल, ही का ती म्हनून. कुनीतरी म्हनाला पायजे ना, मी व्हते म्हनून?"

"त्याला कळलंय ग ते."

"मना पन ठावं हाय, त्याला कललाय त्ये." आणि ती माझ्याकडे बघून हसली. "लिव."

मी नाव लिहिलं. बाकीच्या तीन मामांपुढे कंसात गाव होतं, वढाव, शिर्की, आणखी एक. बहिणीच्या घरी भाऊ पाहुणाच, नियमच तसा. सवयीने मी विचारलं, "रामअवधपुढे काय लावू? रोहा की त्याचं तिकडलं गाव?"

"गाव कशाला?" पारूबाई म्हणाली. "बाकीचं आपापल्या घरशी येतील. ह्यो आमचेच घरशी उठंल न् मांडवात येईल. घरच्याला गाव लावतात व्हय?"

गोदीवाल्या भावाचे ते थरथरते ओठ मला आठवले. मी कंस जुळवला नाही. श्री मात्र जुळवला, दुसऱ्या एका पत्रिकेतून सोडवून आणून.

पुढच्या सुट्टीला रामअवध आला तेव्हा मी त्याच्यासमोर पत्रिकेचं प्रूफ ठेवलं. सराईत वावरून त्याला एव्हाना सगळे नियम पाठ झाले होते. तो मामांच्या ओळीवर बोट ठेवून थांबला. एकदा वाचलं, दोनदा वाचलं. शर्टाच्या बाहीला नाक पुसलं. मग आपल्या पुस्तकाचं पहिलं पान मागून घेतलं आणि पत्त्याच्या रिकाम्या ओळीवर बोट ठेवून म्हणाला, "वहिनी, हे असंच छापा."

"रिकामं?"

"हां. रिकामं."

तसंच छापलं. पुस्तकाला दुसरा पत्ता होता तो फक्त शेवटच्या पानावर आमच्या छापखान्याचा, तो कायद्याने घालावाच लागतो. तीन प्रती तीन आयांना, एक वडिलांना टपालाने. बाकीच्यांतल्या निम्म्या अजून त्याच्या घरी असतील, कवितेच्या पुस्तकाचं दुसरं काय होतं?

दीड-दोन महिन्यांनी आमच्या पत्त्यावर एक अंतर्देशीय पत्र आलं. वडिलांचं. मुलाला नव्हे, मला. पुस्तकात मुलाचा पत्ता शोधला, सापडला नाही, छापखान्याचा सापडला, म्हणून तिथे लिहिलं असणार. चाळीचा पत्ता त्यांच्याकडे होताच, पण काही गोष्टी बाप मुलाला सरळ लिहीत नाही. रामअवध आला तेव्हा मी ते त्याच्यासमोर वाचलं. मोठ्या, सुट्या अक्षरांत होतं, पोथी वाचणाऱ्यांचं असतं तसं.

*बहूजी के आसीरबाद। किताब मिलल। मराठी वाला अँगुरी धर के पढ़नी। आपन नाम मिलल। सुकट का होला, हम ना जानीं। बाकिर कंठी उतरल बा, त बूझ गइनी। ओकरा से कह दीं, कंठी खीसा में ना राखे, धागा टूट जाई। खाए के बेरा खूँटी पर टाँग दे। हाथ धो के पहिर ले।*

बोट ठेवून ठेवून वाचलं होतं म्हाताऱ्याने, आणि त्यात 'बाबूजी' ही आपली हाक सापडली होती. सुकट म्हणजे काय ते कळलं नाही, पण कंठी उतरली आहे यावरून काय ते समजला. आणि निरोप काय, तर ती खिशात ठेवू नको, दोरा तुटेल. जेवताना खुंटीवर टांग, हात धुऊन परत घाल.

रामअवधने खिशातून कंठी काढली. दोरा खरंच एका जागी विरला होता. आमच्याकडे पुस्तकं शिवायचा जाड दोरा असतो, त्यात मी मणी ओवून दिले. त्याने ती गळ्यात घातली आणि केससमोरच्या स्टुलावर नुसता बसून राहिला. डोळे भरून आले की मला खिळे दिसत नाहीत, म्हणून मीही काम केलं नाही.

दुपारी आमच्या ह्यांनी ट्रेडल थांबवलं आणि डबा उघडला. त्या दिवशी सुकटच होती. मी रामअवधलाही पान मांडलं. तो उठला, गळ्यातली कंठी काढली आणि हे जिथे रोज आपला शर्ट अडकवतात त्या खुंटीवर टांगून जेवायला बसला.